पेटवेबाईंना दिलेला शब्द

डोळ्यांत थेंब घातल्यावर तासभर तरी जवळचं नीट दिसणार नाही, असं नर्सने सांगितलं होतं. म्हणून थर्मन गेन्सने हातातलं मासिक शेजारच्या खुर्चीवर ठेवलं आणि तो नुसता बसून राहिला. दवाखाना चौथ्या मजल्यावर होता. समोरच्या भिंतीएवढ्या काचेतून बर्मिंगहॅमचं जुलैतलं ऊन आत येत होतं आणि त्या उन्हात माणसं विरघळून गेली होती. एक निळा डाग, एक पिवळा डाग, मधूनच हलणारं काहीतरी पांढरं. त्याला ते फारसं वाईट वाटत नव्हतं. मुलगी, रेनिटा, बाराला न्यायला येणार होती. तोवर कुणाला ओळख दाखवायला नको आणि कुणी ओळखलं नाही म्हणून मनाला लागायलाही नको. "अजून किती वेळ लागेल हो?" त्याने टेबलामागच्या मुलीला विचारलं. तिचं उत्तर यायच्या आधी शेजारचा पिवळा डाग बोलला.

"माझी भाजी चाखूनसुद्धा बघितली नाहीत, कोच. आधीच वरून तिखट सिरका ओतलात. इतका राग आला होता मला त्या दिवशी."

आवाज म्हातारीचा होता, पण ठणठणीत. गेन्सने मान वळवली. पिवळा झगा आणि त्याच्या वर एक तपकिरी गोल, एवढंच दिसत होतं. तो हसला. असा हसला की समोरच्या बाईला वाटावं, याला सगळं आठवतंय. हे हसू त्याने चाळीस वर्षं वापरलं होतं. आयुष्यात तो किती स्वयंपाकघरांत बसला असेल? दोनशे? तीनशे? कॉलेजांच्या अमेरिकन फुटबॉल संघांतल्या सगळ्या हेड कोचांची एकच रीत: संघात हवा असलेला पोरगा काळा असला, घरात आई एकटी असली, की म्हणायचे, गेन्सला पाठवा. गेन्सला आया वश आहेत. मग तो भाड्याच्या गाडीतून लाल मातीचे रस्ते तुडवत जायचा, हॅट काढून दारात उभा राहायचा, देवाचं नाव घ्यायचा, आणि जेवायचा. दुसऱ्यांदा वाढून घ्यायचा, कारण दुसऱ्यांदा वाढून घेणाऱ्यावर आया विश्वास ठेवतात. मक्याची भाकरी, तळलेला मासा, डुकराच्या मांसाचा तुकडा घालून शिजवलेला पाला. त्याला त्यातलं एकही स्वयंपाकघर वेगळं आठवत नव्हतं आणि सगळी मिळून एकच मोठं, ऊबदार, वाफेने भरलेलं स्वयंपाकघर आठवत होतं. हल्ली सकाळी जाग येताना तो बरेचदा तिथेच असायचा. कुणीतरी पाठमोरी बाई ताट वाढत असायची. तिने वळून बघावं असं वाटेपर्यंत रेनिटाच्या घराचं छत दिसू लागायचं.

"आठवत नाही ना?" बाई म्हणाली. "साहजिक आहे. तुम्ही पुष्कळांकडे जेवलात. आमच्याकडे मात्र एकच कोच जेवला. मी इओला पेटवे. मार्लो गावची. वेंडेलची आई."

खरं म्हणजे ते स्वयंपाकघर त्याला इतरांपासून वेगळं काढता येत होतं, पहिल्यापासून येत होतं. तो आपण होऊन तिकडे जात नव्हता इतकंच. एकोणीसशे त्र्याऐंशीचा फेब्रुवारी होता, टेबलावर मेणकापड होतं, एका पायाखाली घडी करून ठेवलेला पुठ्ठा होता. आणि दाराची चौकट भरून उभा राहिलेला वेंडेल, जो आईसमोर बसायला लाजत होता. सहा फूट चार इंच. पण गेन्सने बघितले होते ते त्याचे पाय. आदल्या ऑक्टोबरातल्या एका शुक्रवारी शाळेच्या मैदानावर, पुढच्या फळीत खेळताना. एवढ्या जड अंगाचा मुलगा पहिलं पाऊल असं टाकत होता की जमिनीला कळूही नये. असे पाय शिकवून येत नाहीत. त्यांना फक्त दिशा द्यावी लागते, आणि ती द्यायला गेन्ससारखा माणूस लागतो, असं गेन्सला वाटलं होतं. गाडीत येऊन त्याने इंजिन सुरू न करता काही वेळ तसंच बसून घेतलं होतं. त्या दिवशी तो एकोणचाळीस वर्षांचा होता, आणि आपण एक दिवस हेड कोच होणार याविषयी त्याच्या मनात अजिबात शंका नव्हती.

बाईंनी फार विचारलं नव्हतं. इतर आया टीव्हीबद्दल विचारायच्या, खोलीबद्दल विचारायच्या. इओला पेटवेंनी हात पुसत एवढंच म्हटलं होतं, "तो हळू बोलतो, म्हणून लोक त्याला मठ्ठ समजतात. त्याला ओळखणारं कुणी नसलं की तो गप्प होतो. तिथे तुम्ही असाल ना?" आणि गेन्स म्हणाला होता, "मी जिथे असेन तिथे तो असेल, बाई. माझा शब्द आहे." हे वाक्य त्याने आणखी कितीतरी घरांत म्हटलेलं होतं. पण त्या दिवशी म्हणताना घसा दाटला होता. दाटला होता हे अगदी खरं. खोटं बोलताना माणसाचा घसा दाटतो का?

"कसा आहे वेंडेल?" त्याने विचारलं.

"येईलच आता. खाली गाडी लावतोय. दोन वर्षं झाली, मी त्याच्याकडेच असते. मार्लोत आता आहे कोण? शहराच्या पाणी खात्यात आहे तो. नळ फुटला की ह्याला बोलावतात." मग थोडं थांबून, आवाज खाली आणून ती म्हणाली, "ते पत्र आम्हाला मिळालं नाही, कोच. तुम्हाला वाटलं असेल, काय माणसं आहेत, उत्तरसुद्धा धाडलं नाही. खरंच मिळालं नाही हो."

"कुठलं पत्र?" असं तो म्हणणार होता. ओठांपर्यंत आलंही होतं. पण ती बोलतच होती, इतक्या वर्षांत घासून गुळगुळीत झालेलं सांगणं. पंच्याऐंशीच्या उन्हाळ्यात वेंडेल कॉलेजातून बॅग घेऊन घरी आला. म्हणाला, गेन्स कोच टेक्सासला गेलेत, ते मला बोलावणार आहेत. कॉलेज बदललं की वर्षभर बसावं लागतं, मग खेळायला मिळेल. बॅग दाराशी होती. ती रिकामी करू द्यायचा नाही, कपडे लागले की त्यातूनच काढायचा आणि धुऊन त्यातच ठेवायचा. त्याच जूनमध्ये मार्लोला नवा पोस्टमन आला होता. अर्ल क्रेनशॉ नावाचा. वेंधळा. याचं त्याला, त्याचं याला. "त्यानेच हरवलं. मी सांगितलं ना त्याला तोंडावर. पोराचं आयुष्य पडलं तुझ्या थैलीतून, म्हटलं. पुढे सव्वीस वर्षं त्या माणसाशी शब्द बोलले नाही मी. एका चर्चमध्ये बसायचो. त्याच्या मयतीला गाव गेलं, मी नाही गेले."

पांढरा डाग जवळ आला. नर्स होती. "पेटवेबाई, चला आत." पिवळा डाग उठला, हळूहळू लहान होत गेला. "जाऊ नका हं, कोच," दारातून आवाज आला. "वेंडेल भेटल्याशिवाय जाऊ नका."

लिफ्ट डाव्या हाताला होती, दहा पावलांवर. येताना त्याने बघून ठेवली होती. कुठल्याही खोलीत शिरताना बाहेर पडायची वाट बघून ठेवायची सवय त्याला कधी लागली हे त्याला सांगता आलं नसतं. नऊ कॉलेजं, नऊ घरं. त्याच्या बायकोने, व्हर्निसने, प्रत्येक घराला पडदे शिवले. प्रत्येक घराच्या खिडक्यांचं माप निराळं. सहाव्या घरापासून तिने पडद्यांना खाली दुमड घालून टाके मारणं सोडून दिलं. टाचण्या लावायची. म्हणायची, उसवायचंच आहे तर शिवू कशाला? ती हे चिडून म्हणत नसे, आणि तेच त्याला लागायचं. प्रत्येक बदलीला तो तिला सांगायचा की इथून पुढची पायरी हेड कोचची. चार वेळा मुलाखतीला बोलावलंही. चारही वेळा त्याने निळा सूट घातला, चारही वेळा मंडळी फार छान वागली, आणि चारही वेळा परतीच्या विमानात त्याला कळून चुकलं होतं की यादीत एक काळं नाव असावं म्हणून आपल्याला कॉफी पाजली. एकसष्टाव्या वर्षी नवा हेड कोच आला. वयाने गेन्सचा मुलगा शोभला असता. त्याने सगळ्या जुन्यांना एका सकाळी मोकळं केलं. सगळं जग त्याला कोच म्हणतं. बँकेत, न्हाव्याकडे, चर्चमध्ये. पण एखाद्या संघाला कुणी 'गेन्सची पोरं' म्हटलेलं त्याने ऐकलं नाही. सरावाचा ऑगस्ट आला की अजूनही त्याला पहाटे जाग येते. दव पडलेल्या, नुकत्या कापलेल्या गवताचा वास नाकात असतो, आणि छातीत असं काही भरून येतं की उठून खिडकी उघडावी लागते. खिडकीखाली रेनिटाची गाडी असते, कचऱ्याचा डबा असतो.

टेक्सासमधली ती खोलीही त्याला आठवली. जेमतेम दीड महिना झाला होता. हेड कोच खुर्चीत रेलून म्हणाला, "बाहेरच्या कॉलेजातल्या एका पोरासाठी जागा आहे, गेन्स. एकच. कुणाला आणतोस?" त्याच्या खिशात दोन नावं होती. एक वेंडेल पेटवे. दुसरा लुइझियानातला एक मुलगा, हलका, चेंडू घेऊन पळणारा. चाळीस यार्ड धावण्यात वेंडेल त्याच्या जवळपासही नव्हता, आणि पळणारा मुलगा लोकांच्या डोळ्यांत भरतो. त्याच्याबरोबर त्याला आणणाराही भरतो. पुढच्या फळीतला मुलगा कितीही चांगला असो, त्याचं नाव कुणाला माहीत असतं? गेन्सने दुसरं नाव सांगितलं. सांगायला श्वासभरही वेळ लागला नाही. त्या संध्याकाळी जेवताना व्हर्निस म्हणाली होती, "त्या पोराच्या आईला निदान फोन तरी कर." करतो म्हणाला. पुढे बाईंचेच दोन फोन ऑफिसात आले. दोन्ही वेळा तो हाताने नाही नाही अशी खूण करत बसला होता आणि सेक्रेटरी सांगत होती, कोच मैदानावर आहेत. लुइझियानाचा मुलगा दोन हंगाम खेळला. गुडघा गेला. त्याचं नाव आता गेन्सला आठवत नाही.

तो उठला. लिफ्टच्या दिशेने दोन पावलं टाकली आणि तेवढ्यात लिफ्टचं दार उघडलं.

त्याला चेहरा दिसला नाही. एक मोठा, रुंद, करडा आकार बाहेर आला आणि खुर्च्यांमधून वाट काढू लागला. खुर्च्या दाटीवाटीने होत्या, कुणाचे पाय मध्ये, कुणाची काठी. आकार कुठेच अडला नाही. डावं पाऊल आधी, लहानसं. वजन पुढच्या चवड्यावर. कंबर सरळ रेषेत, जराही न उचललेली. त्रेपन्न वर्षांचा माणूस, पोट सुटलेलं, गुडघे झिजलेले असणार, आणि तरी पहिलं पाऊल तेच. ते पाऊल बघायला मिळावं म्हणून आपण इतकी वर्षं रोज मैदानांवर जात होतो की काय, असं त्याला वाटून गेलं.

"वेंडेल," तो म्हणाला.

आकार थांबला.

"कोच," वेंडेल म्हणाला. आवाज तसाच हळू. "म्हातारे झालात."

"तूही काही कोवळा राहिला नसशील. मला दिसत नाहीये. डोळ्यांत औषध आहे."

"मग बरंय. बसा." वेंडेल शेजारी बसला. खुर्ची करकरली. "आई भेटली का?"

"आत गेलीय. बोलली माझ्याशी." गेन्सने दोन्ही तळहात मांड्यांवर पुसले. कधीतरी हा मुलगा भेटेल, तेव्हा काय बोलायचं, हे त्याने कितीदा जुळवून ठेवलं होतं. त्यात वरच्यांच्या अडचणी होत्या, नियम होते, त्या काळची परिस्थिती होती. आता त्यातलं एक अक्षर तोंडात येईना. "पत्र नव्हतं, वेंडेल. मी लिहिलंच नाही. एक जागा होती, मी दुसऱ्याला दिली. आणि तुझी आई फोन करायची तेव्हा मी ऑफिसातच होतो."

टेबलामागचा फोन वाजला, कुणीतरी उचलला, ठेवला.

"मी तिच्या शेजारीच उभा असायचो," वेंडेल म्हणाला. "दुकानातून करायचो फोन. नाणी मी टाकायचो. दुसऱ्या वेळी तुमच्या ऑफिसातल्या बाईचा आवाज ऐकला आणि समजलो. जून संपायचा होता अजून."

"मग बॅग?"

"तिच्यासाठी. ती रोज मला विचारायची, आज येईल का? मी म्हणायचो, येईल. तिच्या तोंडावर कसं सांगणार? तुम्ही गेल्यावर ती आठवडाभर तुमच्याबद्दलच बोलत होती. दोनदा वाढून घेतलं म्हणाली." तो किंचित हसला असावा. "परतही जाता येईना. तुम्ही बोलावणार म्हणून मी वसंतातला सराव सोडला होता. त्यांनी माझी स्कॉलरशिप दुसऱ्याला दिली. बरोबरच होतं त्यांचं."

"मला शिव्या दे."

"दिल्यात. पाइप बसवताना दिल्यात, पावसात खड्ड्यात उभा राहून दिल्यात. आता संपल्या." मग तो गेन्सकडे झुकला. त्याच्या अंगाला साबणाचा आणि ओल्या लोखंडाचा वास येत होता. "एक ऐका. ती बाहेर आली की विचारेल. ती सगळ्यांना विचारते. सत्त्याहत्तर वर्षांची आहे. तुम्ही आत्ता मला सांगितलंत ते तिला सांगू नका. आमच्या घरी एक माणूस आला, जेवला आणि त्याने शब्द पाळला, पोस्टाने घोळ केला, ह्यावर ती उभी आहे. ते काढून घेऊ नका."

"आणि तो पोस्टमन?"

वेंडेलने हातातली गाडीची किल्ली खुळखुळवली. म्हणाला, "त्याच्या मयतीला मी गेलो होतो. तिला न सांगता."

आतलं दार उघडलं. पिवळा डाग बाहेर आला, काठी टेकत, आणि आता गेन्सला त्या डागाला कडा आल्यासारख्या दिसू लागल्या. पांढरे केस. गळ्यात काहीतरी चमकणारं. ती दोघांच्या समोर येऊन उभी राहिली. वेंडेलने उठून तिला आपली खुर्ची दिली आणि तो पलीकडे जाऊन बसला.

"भेटलात ना? झालं. माझा जीव शांत झाला," ती म्हणाली. "मी ह्याला म्हणायची, ते काही फसवणारे नव्हेत. सांगा ना त्याला, कोच. पत्र टाकलं होतं ना तुम्ही?"

पुन्हा तेच. टेबल नव्हतं, ताट नव्हतं, पण एक आई समोर बसली होती आणि तिला एका शब्दाची गरज होती, आणि तो शब्द देण्यात थर्मन गेन्सचा हात धरणारं अख्ख्या दक्षिणेत कुणी नव्हतं. ओठांवर ते जुनं हसू यायला लागलं. त्याला त्या हसूची किळस आली. त्याने ते येऊ दिलं नाही.

"टाकलं होतं, बाई," तो म्हणाला. "पण पत्ता माझ्या हातून चुकला. ते कधी मार्लोला आलंच नसणार. पुढे वहीत बघितलं तेव्हा माझ्या लक्षात आलं, आणि मग मला लाज वाटली, म्हणून मी गप्प बसलो. चूक माझी. पोस्टमनची नव्हे."

ती काठीच्या मुठीवर बोटं फिरवत होती.

"म्हणजे बिचाऱ्या अर्लने..." ती म्हणाली, आणि थांबली. "सव्वीस वर्षं. त्याची बायको आहे अजून. तिच्याकडे जायला हवं मला. वेंडेल, येत्या रविवारी मला मार्लोला ने."

"नेतो, आई."

"हट्टी बाई मी," ती स्वतःशीच म्हणाली. मग तिने गेन्सच्या मनगटावर हात ठेवला. हात कोरडा, हलका होता. "काय लिहिलं होतं हो त्यात? मी कितीदा मनात वाचलंय ते. पण खरं काय होतं?"

गेन्सने काचेकडे बघितलं. ऊन होतं. त्याला आधी वाटलं, आता काहीतरी चार शब्द जोडून सांगावेत. पण बोलायला लागल्यावर त्याच्या लक्षात आलं की जोडावं लागत नाहीये. ते आत होतंच, ओळीने. "लिहिलं होतं की, वेंडेल, ये. जागा मिळाली आहे. सोबत तिकीट पाठवतोय. मंगळवारची बस आहे. जॅक्सनला बदलावी लागेल, तिथे दोन तास थांबायचंय, आईने दिलेला डबा तिथे खा. इथलं मैदान तुला आवडेल. गवत दाट आहे, पाय रुततो पण सुटतोही लगेच. खोली तुला खिडकीची ठेवली आहे. सोबतचा मुलगा कॅन्ससचा आहे, तोही हळू बोलतो. पहिलं वर्ष बसावं लागेल, कंटाळू नकोस, मी रोज सरावानंतर तुला अर्धा तास देईन. रविवारी जेवायला आमच्याकडे. व्हर्निसला सांगून ठेवलं आहे. स्टँडवर मी स्वतः येईन. गर्दी असली तरी शोधू नकोस, दारातच उभा असेन." तो थांबला. शेजारी इओला पेटवे डोळे मिटून, मान हलवत ऐकत होती, एकेक शब्द तिच्या पाठांतराशी जुळवून बघत असल्यासारखी.

वेंडेल खाली, आपल्या बुटांकडे बघत होता. त्याचे खांदे आता गेन्सला स्पष्ट दिसत होते, मानेवरची घडी दिसत होती, गुडघ्यांत गुंतवलेली मोठाली बोटं दिसत होती. मग वेंडेलने मान वर न करता, हळूच विचारलं,

"किती वाजताची होती बस?"

"सकाळी नऊची," गेन्स म्हणाला.